तिची निवड रद्द झाली तर माझी होईल का?

पत्राचा सारांश (नाव, गाव, तालुका गाळून): मराठवाड्यातल्या एका गावातून हे पत्र आलं आहे. लिहिणाऱ्या ताई ३३ वर्षांच्या. नवरा तीन वर्षांपूर्वी अपघातात गेला. सासू, तिसरीतला मुलगा आणि चार वर्षांची मुलगी यांच्यासह त्या सासरच्या गावीच राहतात; शिवणकाम करतात, हंगामात मजुरीलाही जातात. शिक्षण बारावी, शिवाय एमएससीआयटी. गावातल्या अंगणवाडी सेविकेची जागा निघाली तेव्हा त्यांनी अर्ज केला आणि यादीत एका गुणाने दुसऱ्या आल्या. पहिली आलेली बाई त्यांच्याच भावकीतली सून, बी.ए. झालेली. तिचा नवरा दुसऱ्या तालुक्यात कंपनीत कामाला आहे. ती बहुतेक तिकडेच असते, रहिवासी दाखला खोटा आहे, पैसे दिले गेले, असं गावात बोललं जातं. ताईंनी बालविकास प्रकल्प कार्यालयात तक्रार अर्ज दिला, पण पोच घेतली नाही. दोन महिन्यांपूर्वी त्या बाईला नियुक्ती आदेश मिळाला आणि ती रुजू झाली. आता गावातले एक पुढारी म्हणतात, ‘हायकोर्टात जा, वकिलाचं मी बघतो.’ सासू म्हणते, भावकीत वैर नको. कुणी म्हणतं, मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) केस टाका. ताई विचारतात: ‘केस केली तर मला नोकरी मिळेल का? आणि गप्प बसले तर पोरांपुढे कुठल्या तोंडाने उभी राहू?’

ताई,

तुमचं पत्र चार पानी आहे. त्यातली साडेतीन पानं त्या दुसऱ्या बाईविषयी आहेत. तिच्या घराला किती दिवस कुलूप असतं, तिच्या सासऱ्याची कुणाकडे ऊठबस आहे, किती पैसे दिले असं लोक म्हणतात, हे सगळं तुम्ही तपशिलाने लिहिलं आहे. तुमच्या स्वतःच्या गुणांबद्दल मात्र एकच ओळ आहे, तीही शेवटी घाईघाईत लिहिलेली: ‘माझ्या एमएससीआयटीचे गुण धरलेच नाहीत असं ऑफिसातलं कुणीतरी म्हणालं, पण ते असून असून किती असणार.’

तुम्ही एका गुणाने मागे आहात, ताई. तुमच्या पत्रातली सगळ्यात वजनदार ओळ हीच आहे, आणि तिच्यावरच तुम्ही सगळ्यात कमी विचार केलेला दिसतो.

हे मी दोष द्यायला म्हणत नाही. आपला घास कुणी पळवला असं वाटलं की नजर आधी पळवणाऱ्यावर जाते. पण हायकोर्टात फाइल उघडली जाते तेव्हा तिच्यात गावातलं बोलणं नसतं. जाहिरात असते, तुमचा अर्ज, त्याला जोडलेल्या साक्षांकित प्रती आणि गुणांचा तक्ता असतो. महिला व बालविकास विभागाच्या २ फेब्रुवारी २०२३ च्या शासन निर्णयापासून सेविका आणि मदतनीस दोघींनाही बारावीची अट आहे. गुण पडतात ते कागदपत्रांवरून. बारावीच्या टक्क्यांना सगळ्यात मोठा वाटा, मग पदवी, डी.एड., बी.एड., एमएससीआयटी यांचे थोडे थोडे, आणि विधवा किंवा अनाथ असणं, जातीचा प्रवर्ग, आधीचा अनुभव यांचे वेगळे. म्हणजे तुमच्या नावापुढे जो आकडा लागला तो कुठून कुठून बेरीज होऊन आला, हे कागदावर असलंच पाहिजे. तो तक्ता तुम्ही पाहिलाय का? पत्रावरून तरी वाटतं की नाही पाहिलेला. विधवा म्हणून मिळायचे गुण तरी लागले का, हेही तुम्ही कुठे लिहिलेलं नाही.

म्हणून कोर्टाचा विषय जरा बाजूला ठेवून आधी घरातल्या पत्र्याच्या पेटीतले कागद काढा. अर्ज केला त्या दिवशी एमएससीआयटीचं अंतिम प्रमाणपत्र जोडलं होतं की नुसती फी भरल्याची पावती किंवा निकालाची प्रिंट? नवऱ्याचा मृत्यू दाखला जोडला होता का? शेवटच्या तारखेच्या आत जोडला होता का? प्रमाणपत्र वेळेत जोडलेलं असेल आणि तरीही गुण धरले नसतील, तर ती उघड चूक आहे. ती दाखवायला साक्षीदार लागत नाही, गावातल्या कुणाची जबानी लागत नाही. दोन कागद शेजारी शेजारी ठेवले की दिसते. कोर्टाला हात घालायला सोपी असते ती अशीच चूक. पण तुम्हीच जोडायचं विसरला असाल, तर मुदत उलटल्यावर आणलेलं प्रमाणपत्र धरा असं कोर्ट सहसा सांगत नाही. ते कडू आहे, पण वकिलाला पहिला हप्ता देण्याआधी कळलेलं बरं.

आता तिच्या राहण्याचा मुद्दा. तुम्हाला तो सगळ्यात पक्का वाटतो, मला सगळ्यात अवघड वाटतो.

सेविका स्थानिकच हवी ही अट उगाच आलेली नाही. २ ऑक्टोबर १९७५ ला एकात्मिक बालविकास सेवा योजना सुरू झाली तेव्हापासून तिची मांडणीच अशी आहे की काम करणारी बाई त्याच वस्तीतली असावी. कुणाच्या घरी बाळंतपण जवळ आलंय, कुठलं मूल दोन महिन्यांत वजनाने खाली आलंय, कुणाची लस राहिलीय, हे तिला घरोघर फिरून माहीत असायला हवं. इतर नोकऱ्यांत नुसत्या गावच्या-जिल्ह्याच्या असण्यावर जादा गुण देणं सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलेलं नाही. राजस्थानातल्या शिक्षक भरतीच्या प्रकरणात २००२ मध्ये ते स्पष्ट सांगितलं गेलं. अंगणवाडीत ही अट टिकते ती कामाच्या स्वरूपामुळे. त्यामुळे एखादी खरोखरच गावात राहत नसेल तर तक्रार करणं हे भावकीतलं भांडण नाही. तिथल्या पोरांच्या हिताचा तो प्रश्न आहे. सासूबाईंना हे असं सांगून पाहा.

पण ‘राहत नाही’ म्हणजे नेमकं काय? अट असते ती महसुली गावाची, त्यात वाड्या-वस्त्या, तांडे आले. ती त्या गावची सून आहे. रेशन कार्डावर नाव असेल, मतदार यादीत असेल, आधारवर पत्ता तोच असेल. नवरा बाहेरगावी कंपनीत आहे एवढ्यावरून बायको गावची नाही, असं होत नाही. आपल्याकडे ऊसतोडीला जाणारी जोडपी दिवाळीपासून उन्हाळ्यापर्यंत कारखान्यावर असतात, त्यांना आपण परगावचे म्हणतो का? अर्जाच्या वेळी ती सहा महिने तिकडे असेल आणि निवड झाल्यावर कायमची इकडे आली असेल, तर? तुम्हीच लिहिलंय की आता ती रोज अंगणवाडी उघडते. हा प्रश्न मी तिची बाजू घ्यायला विचारत नाही. तिचा वकील पहिल्याच दिवशी हाच विचारणार आहे, म्हणून विचारते.

शिवाय हायकोर्टातल्या रिट याचिकेत सहसा साक्षी-उलटतपासणी होत नाही. संविधानाच्या कलम २२६ खाली कोर्ट बघतं ते अधिकाऱ्याने नियम पाळला की नाही. घराला कुलूप किती दिवस होतं, हा वादातल्या हकिकतीचा प्रश्न झाला, आणि त्यात कोर्ट शिरायला नाखूश असतं. तुमच्याकडे कागद असला तर गोष्ट वेगळी. तिचं मूल जाहिरातीच्या वेळी दुसऱ्या तालुक्यातल्या शाळेच्या पटावर असेल, रेशन कार्ड तिकडचं असेल, मतदान तिकडे असेल, तर तो पुरावा. सरपंचांनी तिला दिलेला दाखला खोटा आहे असं चार माणसं पारावर म्हणतात, एवढ्याने भागत नाही. ही चौकशी करायची मुळातली जागा जिल्हा परिषद आहे. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी चौकशी लावली, ग्रामपंचायत अधिकारी आणि मुख्यसेविका (अंगणवाड्यांवर देखरेख करणारी पर्यवेक्षिका) यांचा अहवाल आला, आणि त्या अहवालाकडे दुर्लक्ष करून निवड कायम ठेवली, तर मग हायकोर्टात बोलायला जागा होते.

पैशाच्या आरोपाबद्दल थोडक्यात सांगते. पैसे मागितल्याचा किंवा दिल्याचा पुरावा असेल तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाला १०६४ वर कळवा. ते काम त्यांचं आहे. पुरावा नसेल तर याचिकेत एक ओळही घालू नका. द्वेषाने किंवा पैसे खाऊन निर्णय दिला असं म्हणायचं तर त्या अधिकाऱ्याला नावानिशी पक्षकार करावं लागतं आणि तपशील द्यावा लागतो. तो देता आला नाही की तुमचा खरा मुद्दाही पातळ होतो.

आता तुमचा मूळ प्रश्न. तिची निवड रद्द झाली तर तुमची आपोआप होईल, असं तुम्ही धरून चालला आहात. पुढारीही तसंच म्हणत असतील. कायदा असं म्हणत नाही. निवड यादीत नाव आलं म्हणून नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्येच सांगितलं आहे. मग दुसऱ्या क्रमांकाचं काय बोलायचं. निवड समितीच्या जागी बसून कोण जास्त लायक हे कोर्ट ठरवत नाही, हेही महाराष्ट्रातल्याच एका निवडीच्या प्रकरणात म्हटलं गेलं आहे. मग कोर्टात होतं काय? पुष्कळदा कोर्ट सांगतं की अर्जदाराचं म्हणणं ऐकून जिल्हा परिषदेने अमुक आठवड्यांत कारणांसह निर्णय द्यावा. कधी याचिका फेटाळली जाते. चूक उघड असेल तर निवड रद्द करून गुण पुन्हा मोजायला सांगितलं जातं. थेट ‘हिला नेमा’ असा आदेश क्वचित मिळतो, आणि तो मिळायचा तर तुमचे स्वतःचे गुण तिच्यापेक्षा जास्त भरतात हे दिसावं लागतं. फिरून आपण त्या एका ओळीवर येतो. रहिवासाच्या मुद्द्यावर ती पडली तर फेरजाहिरातही निघू शकते, आणि त्यात तालुक्यातून बी.एड. होऊन आलेली तिसरीच एखादी नवी सून तुमच्या पुढे जाऊ शकते. गुणांच्या मुद्द्यावर तुम्ही जिंकलात तर मात्र पहिला क्रमांक तुमचा.

मॅटचं म्हणाल तर ते दार तुमच्यासाठी नाही. कर्नाटकातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये ठरवलं की अंगणवाडी कार्यकर्तीचं पद हे नागरी सेवेतलं पद नाही, म्हणून प्रशासकीय न्यायाधिकरणात तिची दाद लागत नाही. तुम्हाला जायचं झालं तर ते उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात. विदर्भातल्या बायकांना नागपूर, आणि कोल्हापूर-सांगली-सातारा-सोलापूर भागातल्यांना आता ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच जवळ पडतं. चुकीच्या दारात सहा महिने घालवून मग हायकोर्टात आलेल्या बाईला पहिला प्रश्न उशिराचाच विचारतात.

२००६ च्या त्याच निकालामुळे आणखी एक गोष्ट डोळ्यांसमोर ठेवावी लागते. पत्रात तुम्ही ‘सरकारी नोकरी’ असं पुन्हा पुन्हा लिहिलंय. हे मानधनी पद आहे. २०२३ मध्ये सेविकेचं मानधन ८,३२५ वरून १०,००० रुपये झालं, नंतर आणखी वाढलं, पण ते सगळं संपांतून आणि मोर्च्यांतून आलं. डिसेंबर २०२३ मध्ये सुरू झालेला राज्यव्यापी संप पुढच्या जानेवारीपर्यंत चालला होता. ग्रॅच्युइटीचा हक्क मिळाला तो २५ एप्रिल २०२२ च्या निकालाने, न्या. अजय रस्तोगी आणि न्या. अभय ओक यांच्या. गुजरातच्या अंगणवाडीतल्या बायका तो प्रश्न घेऊन सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेल्या होत्या. हे काम छोटं आहे असं मी अजिबात म्हणत नाही. सकाळी आहार, मग पूर्वशिक्षण, दुपारी गृहभेटी, संध्याकाळी पोषण ट्रॅकर ॲपमध्ये नोंदी. एवढं करून जी रक्कम हातात येते ती लाजिरवाणी आहे आणि त्याचा राग मला आहेच. पण हिशेब तुम्हाला करायचाय. खासगी वकिलाची फी, संभाजीनगरच्या फेऱ्या, बुडालेले मजुरीचे दिवस, आणि दोन-तीन वर्षं लांबलं तर त्या काळात शिवणकामाकडे झालेलं दुर्लक्ष. हे सगळं एका बाजूला मांडून बघा.

मग गप्प बसायचं का? नाही. तुम्ही ज्याला गप्प बसणं म्हणता आणि ज्याला केस म्हणता, त्या दोहोंमध्ये बरीच मोठी जागा आहे, आणि पहिले काही आठवडे तुम्ही तिथेच राहा असं मला वाटतं.

याच आठवड्यात बालविकास प्रकल्प अधिकाऱ्यांच्या नावे एक अर्ज लिहा. प्रत जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना आणि महिला-बालकल्याणच्या उपमुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना. आधीचा तक्रार अर्ज कुठल्या तारखेला दिला, कुणाच्या हातात दिला, हे त्यात पहिल्यांदा नोंदवा. पोच नसली तरी तारीख आणि टेबल आठवत असेल ते लिहा. मग एवढंच मागा: माझ्या गुणांचा तपशीलवार तक्ता द्यावा, एमएससीआयटी आणि विधवा प्रवर्गाचे गुण दिले नसल्यास कारण द्यावं, आणि माझ्या हरकतीवर मला ऐकून घेऊन लेखी निर्णय द्यावा. रहिवासाबद्दल कागद असेल तर त्याची प्रत जोडा, नसेल तर ‘चौकशी व्हावी’ इतकंच लिहा. तिच्याविषयी विशेषणं नकोत. एक पान पुरे. पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नका, आणि कुणी पोच द्यायला टाळाटाळ केली तर स्पीड पोस्टाने पाठवून पावती जपून ठेवा.

त्याच दिवशी माहिती अधिकाराचाही अर्ज टाका. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लागतो, दारिद्र्यरेषेखालचं कार्ड असेल तर तोही नाही, आणि तीस दिवसांत उत्तर यावं असा नियम आहे. स्वतःच्या अर्जाची छाननी नोंद, संपूर्ण गुणतक्ता, हरकतींवरचे निर्णय, समितीच्या बैठकीचं इतिवृत्त, हे मागा आणि फाइल प्रत्यक्ष पाहण्याचीही परवानगी मागा. तिचे गुण मागितले तर वैयक्तिक माहिती म्हणून नकार येऊ शकतो. नोव्हेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका सार्वजनिक भरतीत इतर उमेदवारांचे गुण द्यायला सांगितले होते, पण त्यानंतर माहिती अधिकार कायद्यातलं वैयक्तिक माहितीविषयीचं कलम बदललं आहे. म्हणून स्वतःच्या कागदांवर भर द्या. ते कुणी नाकारू शकत नाही.

उत्तराची वाट बघत मात्र बसू नका. रिट याचिकेला कॅलेंडरवर छापलेली मुदत नसते, पण उशीर झाला की कोर्ट विचारतं, इतके दिवस काय करत होता? मधल्या काळात ती बाई काम करते, मानधन घेते, प्रशिक्षण घेते; तिला हलवणं जड होत जातं. दोन महिने गेलेत. तीस दिवसांत समाधानकारक उत्तर आलं नाही तर वकिलाचा सल्ला घ्यायची वेळ झाली असं धरा. आणि याचिका करायची तर निवड झालेल्या बाईला पक्षकार करावंच लागतं. जिची निवड रद्द व्हायची तिलाच न ऐकता निकाल देता येत नाही, हे १९८४ पासून ठरलेलं आहे. म्हणजे भावकीत नोटीस जाणार, हे सासूबाईंना आधीच सांगून ठेवा. कोर्टाच्या शिपायाकडून त्यांना कळू देऊ नका.

स्थगितीचाही विचार करा. वकील पहिल्या तारखेला ती मागतोच. मिळाली तर नेमणूक अडकते, शेजारच्या गावच्या सेविकेकडे अतिरिक्त कार्यभार जातो, आणि अंगणवाडी आठवड्यातून मोजके दिवस नीट चालते. तुमच्या गावातली सहा वर्षांखालची सगळी पोरं, गरोदर बाया, सगळे त्यात भरडतात. माझं मत विचाराल तर तुमच्यासारख्या प्रकरणात स्थगितीपेक्षा ‘ही नेमणूक याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील’ एवढा आदेश मागावा. तुमचा हक्क राखला जातो आणि आहार बंद पडत नाही. वकिलाला हे स्पष्ट सांगायचा तुम्हाला अधिकार आहे.

यावरून पत्रातल्या आणखी एका गोष्टीवर येते. तुम्ही लिहिलंय की ती रुजू झाल्यापासून धाकटीला अंगणवाडीत पाठवणं बंद केलं, ‘तिच्या हातचं नको’ म्हणून. हे उद्याच मोडा. चार वर्षांच्या मुलीचं तिथलं खेळणं, गाणी, गरम आहार, वजन-उंचीची नोंद, हा तिचा हक्क आहे. ती बाई तो देते म्हणून तो तिच्या मालकीचा होत नाही. कोर्टातही ‘माझा आक्षेप निवडीला आहे, अंगणवाडीला नाही’ हे तुमच्या वागण्यातून दिसलेलं चांगलं.

हे सदर वाचणाऱ्या इतर बायकांसाठीही थोडं लिहिते, कारण भरती झाली की दोन्ही बाजूंची पत्रं येतात. तुमची निवड झाली असेल आणि कुणी कोर्टात जाईल अशी कुणकुण असेल, तर हायकोर्टात कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका’ असा अर्ज, टाकून ठेवा. नव्वद दिवस चालते, आणि तुम्हाला न ऐकता एकतर्फी आदेश होण्याची शक्यता कमी होते. नोटीस आली की घाबरून दडवू नका, ‘ऑफिसवाले बघतील’ असं समजू नका. जिल्हा परिषदेचा वकील जिल्हा परिषदेची बाजू मांडतो, तुमची नव्हे. जाहिरातीतल्या अटींबद्दल तक्रार असणाऱ्यांनी ती अर्ज करताना किंवा त्याआधी मांडावी. मुकाट्याने प्रक्रियेत भाग घ्यायचा आणि हरल्यावर अटच चूक म्हणायचं, हे कोर्ट ऐकून घेत नाही. जाहिरातीत नसलेली अट मध्येच लावली असेल तर मात्र जरूर बोला. भरती सुरू झाल्यावर मधेच नियम बदलता येत नाहीत, मुळातल्या नियमांत तशी सोय असल्याशिवाय, हे पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये पुन्हा सांगितलं आहे. आणि लग्न न झालेल्या मुलींना कुणी ‘तुम्ही उद्या सासरी जाल’ म्हणून परत पाठवत असेल तर ऐकू नका. राजस्थानात सेविकेला विवाहित असण्याची अट होती, ती तिथल्या उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये घटनाबाह्य ठरवली.

ताई, ‘पोरांपुढे कुठल्या तोंडाने उभी राहू’ असं तुम्ही लिहिलंत. नवरा गेल्यावर तीन वर्षं मशिनवर पाय मारून घर चालवणाऱ्या बाईला एका यादीतल्या एका गुणाने तोंड लपवायची वेळ येत नाही. ‘तिला गरज नव्हती, मला होती’ हेही तुम्ही लिहिलंय. ते खरं असेल, पण कोर्टात त्याला किंमत नाही आणि मनात धरून ठेवलंत तर तुम्हालाच पोखरेल. तिलाही बी.ए. होऊन घरी बसावं लागलं होतं. गरज मोजायची सोय त्या तक्त्यात एवढीच आहे की विधवा असण्याला काही गुण दिलेत. ते तुम्हाला मिळाले का, ते आधी पक्कं करा.

आणि ही शेवटची जागा नाही. विधवा उमेदवारांना वयोमर्यादा ४० पर्यंत शिथिल आहे, म्हणजे तुमच्या हातात अजून वर्षं आहेत. गावात मदतनीसची जागा निघाली तर कमीपणा मानू नका. केंद्राच्या २०२२ च्या सक्षम अंगणवाडी मार्गदर्शक सूचनांत सेविकांच्या निम्म्या जागा पाच वर्षं काम केलेल्या मदतनीसांतून भरायचं म्हटलं आहे. दरम्यान मुक्त विद्यापीठातून पदवीला नाव घाला. पुढच्या यादीत तेही गुण धरले जातील.

राहिला पुढाऱ्यांचा प्रश्न. ते फी का भरतायत, हे तुम्ही स्वतःला विचारलंय का? तुमच्याच पत्रात आहे की त्या बाईचा सासरा गेल्या ग्रामपंचायतीला समोरच्या पॅनलमध्ये होता. ज्याच्या पैशावर केस उभी राहते त्याच्या सोयीने ती चालते, आणि त्याच्याच सोयीने मागेही घेतली जाते. उद्या त्यांची दिलजमाई झाली तर तारखेला तुमचा वकील उभाच राहणार नाही, आणि भावकीतलं वैर तेवढं तुमच्या दारात उरेल. त्यांना नम्रपणे सांगा, ‘दादा, पाठीशी आहात ते बरं वाटलं, पण वकील मी माझा करते.’ तुम्हाला ते परवडतं, कारण विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलांना मोफत वकील मिळतो आणि त्याला उत्पन्नाची अट नाही. तालुका कोर्टाच्या इमारतीतच विधी सेवा समितीचं कार्यालय असतं, १५१०० या क्रमांकावरही विचारता येतं, आणि खंडपीठासाठी संभाजीनगरला त्यांची वेगळी समिती आहे. जाताना जाहिरातीची प्रत, तुमच्या अर्जाची प्रत, एमएससीआयटीचं मूळ प्रमाणपत्र, मृत्यू दाखला, अंतिम यादीचा फोटो आणि नव्या अर्जाची पोच एवढं बरोबर न्या. तिथल्या वकिलाला पहिल्यांदा तुमच्या गुणांचं सांगा. तिच्या घराच्या कुलपाचं त्यांनी विचारलं तरच.